पसंतीचा आकडा

गुळगुळीत झालेल्या मसाल्याच्या पाट्याला टाकी लावून तो पुन्हा खरबरीत करून देणाऱ्या मावशी अंगणात बसल्या होत्या. त्या आधी दगड ठोकून त्याचा आवाज ऐकत, मगच छिन्नी टेकवत. मी पायरीवरून बघत होते. कॉलेजचा प्रवेश रद्द करायचा आज शेवटचा दिवस होता.

अर्जात विषयांना पसंतीचे आकडे द्यायचे होते. आमच्या घरात असा अर्ज याआधी कुणी भरलेला नव्हता. मला वाटलं, परीक्षेच्या गुणांसारखंच असेल; म्हणून आवडत्या संगणकशास्त्राला दहा दिले आणि नकोशा भूगर्भशास्त्राला एक. प्रवेशाच्या यंत्राने एक म्हणजे पहिली पसंती धरली आणि मला भूगर्भशास्त्र मिळालं. यंत्राचं काहीच चुकलं नाही.

"दगडांचं काय शिकायचं असतं गं?" आईने विचारलं.

"मी नाही शिकले?" मावशी हसल्या. "मी कुठं दगड मागितला होता? नवऱ्याच्या घरी हेच काम. पहिल्या वर्षी चार पाटे फोडले, सासूच्या शिव्या खाल्ल्या!"

किती जणांची कामं अशीच, न मागता वाट्याला आली असतील! वाटणी कुणीही करो, शिकायचं तर ज्याचं त्यालाच असतं.

"आई, मी रद्द नाही करत," मी म्हणाले.

आत जाऊन नव्या वहीवर नाव घातलं. खाली विषय लिहिला: भूगर्भशास्त्र. पेन्सिलीने नाही, पेनानेच लिहिला.