बर्फातला दूधवाला

आधीच सांगते, असल्या गोष्टींची टर उडवणाऱ्यांतली मी. सोसायटीत कुणी ‘अनुभव’ सांगू लागलं की मला हसू आवरत नाही. आता माझ्यावरच पाळी आलीय... हसा खुशाल.

म्हैसूरला हेब्बाळमध्ये, नवऱ्याच्या कंपनीजवळ आमचा फ्लॅट. मी घरी बसून परदेशी सिनेमांचं हिंदी डबिंग करते. परवानगी? कुणाचीच नाही! आमच्या ग्रुपच्या सिनेमांतल्या सगळ्या बायका मीच – नायिका, तिची आई, शेजारीण. स्टुडिओ म्हणजे कपड्यांचं कपाट. आत गोधड्या, माइक आणि घामाघूम झालेली मी. स्क्रिप्ट नसतेच. सबटायटल्स नसली की ओठ हलतील तेवढं मनाने ठोकून द्यायचं.

त्या मंगळवारी सकाळी अकराला असाच एक सीन होता. बर्फात म्हातारी पडलीय आणि एक बाई शेजारी बसून तिच्याशी बोलतेय. मी ठोकलं, “आँखें बंद मत करना, अम्मा. मैं यहीं हूँ. दूधवाला आता ही होगा.”

क्लिप पाठवली, तर ग्रुपच्या अ‍ॅडमिनचा लगेच फोन. “मॅडम, इतनी बर्फ़ में दूधवाला?”

कुठून सुचला, मलाही कळेना. दुसरं वाक्य बोलून दिलं आणि आधीची क्लिप दोघांनीही डिलीट केली.

संध्याकाळी पाचला अनोळखी नंबरवरून फोन. संध्याकाळचं दूध घालायला आलेला सरोजामावशींचा दूधवाला बोलत होता. मावशी आमच्या जुन्या घरमालकीण, पिढ्यान्‌पिढ्या इथल्याच मराठी. गावाच्या पार दुसऱ्या टोकाला एकट्या राहतात. माझा नंबर त्यांच्या फोनशेजारी भिंतीवर लिहिलेला. मागच्या दारी, धुण्याच्या दगडापाशी त्या सकाळपासून पडून होत्या. खुब्याचं हाड मोडलं होतं. दर रविवारी मी त्यांना फोन करायचे, पण या डबिंगपायी तीन रविवार बुडवले होते. हॉस्पिटलात पोचेपर्यंत मी स्वतःला शिव्या घालत होते.

मावशींनी माझा हात घट्ट धरला. “तू बसलीस म्हणून राहिले बघ मी. जरा डोळे मिटले की ओरडत होतीस. दूधवाला येतोय म्हणालीस... आलाच की!”

“मावशी, मी कुठे होते तिथे? मी तर आत्ता येतेय.”

“अय्यो, खोटं नको बोलू. अकराला पडले मी, तेव्हापासून होतीस तू.” मग कपाळाला आठ्या घालून म्हणाल्या, “पण हिंदी कशाला गं? मराठी बोलायचं, नाहीतर कन्नड बोलायचं!”

मावशींकडे स्मार्टफोन नाही. सिनेमा तोवर नेटवर कुठेही टाकलेला नव्हता. नवरा म्हणतो, योगायोग. म्हणू दे बापडा... मला तर आजपर्यंत काही उलगडलेलं नाही.

मावशी आता काठी घेऊन चालतात. मी रोज फोन करते. आणि कपाटात शिरले की माइक सुरू करून पहिलं वाक्य मराठीत बोलते, “मावशी, मी इथेच आहे.”

मग ते डिलीट करते.