एनसीपुरतं

इंग्रजीच्या पुस्तकातला लघुरूपांचा धडा मला कधीच आवडला नाही. डॉक्टरचं डी आर, सकाळचं ए एम, वगैरेचं ई टी सी. इंग्रजाला वेळ नव्हता म्हणून त्याने शब्द तोडले, आणि ते तुकडे आमच्या पोरांनी पाठ करायचे. त्यातून मला राग लवकर येतो. सासूबाई मला तापल्या तेलातली मोहरी म्हणतात, आणि त्यांचं काही चुकत नाही.

मी राहते भोरला आणि शिकवते मार्गासनीच्या पुढच्या एका शाळेत. पासलीकडच्या वाड्यावस्त्यांवरची मुलं सकाळच्या एसटीने येतात. त्या दिवशी नववीच्या वर्गात मी पुस्तक मिटलं आणि म्हटलं, पुस्तकातली राहू द्या, तुमच्या घरात रोज कानावर पडतात ती लघुरूपं सांगा. हात भराभर वर झाले. एसटी, एटीएम, पीएचसी. डीपी, म्हणजे विजेचा, दर पावसाळ्यात जळतो तो. एकजण म्हणाला, आरआयपी, कुणी मेलं की ग्रुपवर टाकतात. मी म्हटलं, बघा, आता रडायलासुद्धा तीन अक्षरं पुरतात. वर्ग खिदळला आणि मलाही बरं वाटलं.

मग खिडकीजवळची मुलगी उठली. तिचे आईबाप वरच्या वाडीत शेळ्यामेंढ्या पाळतात. पोरगी एरवी तोंड उघडत नाही.

"एनसी," ती म्हणाली.

"पूर्ण रूप काय त्याचं?" मी सवयीने विचारलं.

"त्ये न्हाई म्हाईत म्याडम. मारलं की चौकीवर लिवत्यात."

"कुणी कुणाला मारलं की?"

"आप्पांनी आईला." तिने हे हजेरी दिल्यासारखं सांगितलं. "हाड मोडलं की एफआयआर हुतो, मंग आत टाकत्यात. न्हाई मोडलं तर एनसी. म्हून आप्पा काठी घेत न्हाईत. शेळ्यांचा दोर भिजवून, दुमडून घेत्यात. एनसीपुरतंच मारत्यात."

चहात साखर किती घालायची हे आपण ज्या आवाजात सांगतो, त्या आवाजात ती हे बोलली. वर्गात कुणी हसलं नाही. हसलं नाही यावरूनच मला कळलं की हे सगळ्यांना ठाऊक आहे.

कायदा नेमका काय म्हणतो ते वकील जाणोत. बायकोला मारणाऱ्या नवऱ्यासाठी त्यात बरंच काही लिहिलेलं आहे म्हणे. पण आमच्याकडच्या वाडीवर कायदा पोचतो तो एवढाच, दोन अक्षरांचा नाहीतर तीन अक्षरांचा. मी फळ्याकडे वळले आणि रागारागात पूर्ण रूप लिहिलं. नॉन-कॉग्निझेबल. खाली मराठी लिहिलं: अदखलपात्र. म्हटलं, याचा अर्थ, दखल घ्यावी असं यात काही नाही. नोंद करायची आणि घरी पाठवायचं. कोर्टाने सांगितल्याशिवाय पोलीस तपासही करत नाहीत.

मुलगी उभीच होती. तिच्या चेहऱ्यावर पहिल्यांदाच काहीतरी हललं.

"पन साठल्यावर?"

"काय साठल्यावर?"

"एनसी. आई म्हनती, लई साठल्या की त्याचा एफआयआर हुतो. म्हून ती दर टायमाला जाती. आप्पा भायेर गेलं की साडी बदलती आन् एसटीनं चौकीवर जाती. आता थोड्याच ऱ्हायल्या आसतील, म्हनती."

मी त्या बाईला तोवर पाहिलंही नव्हतं, पण ती माझ्या डोळ्यांपुढे उभी राहिली. माणसं कणगी भरतात तशी ती मार भरत होती. आणि तिला हसायचं कुणी? रोजगार हमीवर हजेऱ्या साठतात, बचत गटात हप्ते साठतात, शाळेत लाल शेरे साठले की पालकांना बोलावणं जातं. जगात सगळं साठतं, मग मारच तेवढा साठणार नाही असं तिला का वाटावं?

"नाही गं," मी म्हटलं. "साठत नाही. प्रत्येक वेळी तिथल्या तिथेच राहतं."

ती खाली बसली. पुढे मी काय शिकवलं ते मला आठवत नाही.

दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीच्या जरा आधी शाळेच्या फाटकातून मायलेकी आत आल्या. आईच्या हातात कपड्यांचं गाठोडं होतं. बाई किरकोळ, उन्हाने रापलेली, मानेवर दोराचा जुना काळा वळ. मी व्हरांड्यात गेले तर तिने नमस्कारही केला नाही.

"म्याडम, पोरगी म्हनती त्ये खरं हाय का? साठत न्हाईत?"

"नाही साठत."

ती पायरीवर बसली. गाठोडं मांडीवर घेतलं.

"मंग म्या कशापायी खाल्लं एवढं?"

मी तिच्या शेजारी बसले. ती म्हणाली, सकाळी नवऱ्याने दोर पाण्यात टाकला तेव्हाच ती उठली, पोरीला घेतलं आणि निघाली. इतकी वर्षं दोर भिजताना ती भाकरी थापत राहायची, म्हणजे मार खाऊन झाल्यावर तरी पोरीला जेवायला मिळावं.

तेवढ्यात मोटारसायकल आली. नवरा अंगाने काटकुळा होता, टोपी नीट घातलेली, सदरा स्वच्छ. वाटेत भेटला असता तर मीच आधी रामराम केला असता. त्याने केला. "रामराम म्याडम," म्हणाला, आणि त्याच दमात बायकोचा अंबाडा मुठीत धरून तिला पायरीवरून खाली ओढलं. तिचं डोकं व्हरांड्याच्या खांबावर आपटलं. कपाळ फुटलं, रक्त डोळ्यात उतरलं, आणि ती ओरडलीसुद्धा नाही. ओरडली ती पोरगी.

माझा हात आधी गेला, डोकं मागून. त्याच्या अशी काडकन थोबाडीत दिली की टोपी उडून अंगणात पडली. मला त्याचा तेव्हाही पस्तावा झाला नाही आणि आजही नाही. बाईमाणसाने आपल्याला मारलं हे त्याच्या ध्यानात यायला एक क्षण लागला. मग त्याने बायकोचे केस सोडले, मोटारसायकलकडे गेला आणि शेळ्या वळायची काठी घेऊन आला. बायकोसाठी त्याचं माप ठरलेलं होतं. माझ्यासाठी माप काढायला त्याला वेळच मिळाला नाही.

पहिला फटका खांद्यावर बसला. दुसरा डोक्यावर येणार होता, मी हात आडवा घातला. वाळकी काटकी मोडावी तसा आवाज झाला. मी खाली पडता पडता त्याच्या गुडघ्यावर लाथ हाणली आणि तोही पडला. पोरीने त्याच्या मनगटाला दात लावले ते हेडमास्तर आणि शिपाई येऊन त्याच्यावर बसेपर्यंत सोडले नाहीत. तिच्या हनुवटीवरून बापाचं रक्त गळत होतं. वर्गावर्गांतून पोरं बाहेर आली होती आणि कुणी त्यांना आत जा म्हणत नव्हतं.

तो मात्र पोरीकडे बघत नव्हता. शिपायाच्या ढोपराखाली दाबलेला, तोंडात माती, तो माझ्या हाताकडे टक लावून बघत होता.

"मोडलं का वं?" त्याने विचारलं. "म्याडम, मोडलं का?"

त्याच्या आवाजात भीती होती. माझी नव्हे, त्या तीन अक्षरांची.

सरकारी दवाखान्यात मला आणि तिला शेजारशेजारच्या खाटांवर बसवलं. तिच्या कपाळाला टाके घातले. माझा हात कोपराखाली नुसता लोंबत होता, कळ पार मस्तकात जात होती. डॉक्टरांनी एक्स-रे उजेडात धरला आणि म्हणाले, फ्रॅक्चर आहे, एमएलसी करावी लागेल, म्हणजे मारहाणीची केस म्हणून नोंद, पोलिसांना कळवतो.

ती खाटेवरून उतरली आणि त्यांच्यापुढे उभी राहिली. "मोडलंय न्हवं पक्कं? का नुस्तं मुरगाळलंय?"

"मोडलंय," डॉक्टर म्हणाले. "दोन्ही हाडं."

ती माझ्याकडे वळली. चेहऱ्यावर टाके, आयोडीन आणि सुकलेलं रक्त, आणि त्या सगळ्यातून ती हसत होती.

"बरं झालं वं म्याडम! लई बरं झालं मोडलं!"

मला तिचा असा राग आला की चांगल्या हाताने तिलाही एक ठेवून द्यावी. मी इथे कळवळतेय आणि ही बाई देवीने कौल दिल्यासारखी हात जोडतेय! मग ती खाली बसली, माझ्या गुडघ्यावर डोकं टेकलं आणि रडायला लागली. मोठ्याने, तोंड उघडं टाकून, इतक्या वर्षांचं एकदम. माझा राग कुठे गेला कळलं नाही. मीही रडले. इतका मार खाऊन तिला जे मिळालं नाही, ते मला एका फटक्यात मिळालं होतं, आणि त्याची मला लाज वाटत होती.

दुपारी महिला पोलीस आली, तरुण, बूट चिखलाने माखलेले. तिने माझा जबाब घेतला. काठी कशी, फटका कुठे, मी आधी मारलं का, सगळं. पान भरलं. मग तिने पोरीच्या आईकडे बघितलं, लिहिता लिहिता म्हणाली, "आणि सदर इसमाने पत्नीस यापूर्वीही शिवीगाळ, मारहाण, इत्यादी." पण इत्यादीदेखील तिने पुरतं लिहिलं नाही. नुसता इ लिहिला आणि पुढे टिंब दिलं.

"तो इ खोडा," मी म्हटलं.

"काय झालं मॅडम?"

"इतकी वर्षं हिचं दोन अक्षरांत उरकलंत. आज एकावर आलात. खोडा आणि हिला विचारा. थोडक्यात नको. ती सांगेल तेवढं सगळं."

तिने माझ्या बांधलेल्या हाताकडे पाहिलं, मग माझ्या तोंडाकडे. नवा कागद घेतला.

आईने पोरीला बाहेर जायला सांगितलं. पोरगी हलली नाही, भिंतीला टेकून उभी राहिली. आई थोडा वेळ पदराशी चाळा करत बसली. मग उठली, पाठ आमच्याकडे केली, पदर बाजूला सारला आणि पोलक्याची पाठ वर ओढली. दोराचे वळ एकावर एक होते, जुने काळे, त्यावर नवे तांबडे, साधं कातडं म्हणून कुठे उरलंच नव्हतं. पोलीसबाईचा पेन थांबला.

"हाड कुठंच मोडलं न्हाई, ताई," ती भिंतीकडे तोंड करून म्हणाली. "तरीबी लिवा."