शाद्रेकनं गाळलेली चार वर्षं

फॉर्मवर जन्मवर्ष लिहिताना शाद्रेक मुतांदिरो अजिबात अडखळला नाही. झिम्बाब्वेतल्या क्वेक्वेच्या क्रिकेट क्लबाच्या व्हरांड्यात तो टेबलावर वाकून उभा होता. मागं विशी-बाविशीतली पोरं ढकलाढकली करत होती, आणि समोरच्या भिंतीवर कागद डकवला होता : वेगवान गोलंदाजांची निवड चाचणी, वय सव्वीस किंवा त्याहून कमी. शाद्रेकला मार्चमध्ये तीस पूर्ण झाली होती. ब्याऐंशी लिहायच्या जागी त्यानं शहाऐंशी लिहिलं. ओळखपत्राच्या रकान्यात 'हरवलंय, नवीन मिळालं की देतो' असं लिहिलं आणि तो बूट बांधायला गेला.

खोटं बोलायची सवय त्याला नव्हती. अठराव्या वर्षी तो बापाच्या मागोमाग पोलादाच्या कारखान्यात वेल्डर म्हणून लागला, आणि कारखाना बंद पडत आला तशा तिथल्या दुपारी रिकाम्या होत गेल्या. त्या रिकाम्या दुपारी कारखान्याच्या मैदानावर कुणीतरी त्याच्या हातात चेंडू दिला. तेव्हा तो सव्वीस वर्षांचा होता. अठ्ठावीसपर्यंत त्याचा चेंडू असा यायला लागला, की क्लबातले जुने फलंदाज नेट्समधून बोटं चोळत बाहेर पडायचे. लोखंडी फाटकं उचलून उचलून खांदा तयार झाला होता, हे त्याचं स्वतःचं मत. आजवर कुठे होतास, असं जो तो विचारायचा. तो म्हणायचा, इथंच होतो, कारखान्यात.

चाचणीत त्यानं अकरा चेंडू टाकले. मिडलँड्स प्रांताच्या संघाचे कोच हुंग्वे यांनी बारावा टाकू दिला नाही. फलंदाजी करणाऱ्या पोराला बाहेर बोलावलं आणि शाद्रेकच्या नावापुढं खूण केली.

त्या खुणेनं ताफारा ग्वेंझीची जागा गेली. ताफारा तेवीस वर्षांचा, खरोखरचा तेवीस वर्षांचा, मागच्या मोसमात संघातला तिसरा वेगवान गोलंदाज होता. आता तो राखीव झाला. पाण्याच्या बाटल्या घेऊन मैदानात धावायचा आणि संध्याकाळी शाद्रेकच्या शेजारी बसून विचारायचा, "दादा, मनगट शेवटी असं वळवतोस की आपोआप वळतं?" शाद्रेक त्याला सगळं दाखवायचा, कदाचित जरा जास्तच मन लावून. बाकीचे खेळाडू शाद्रेकला 'म्हातारा' म्हणायचे. झिम्बाब्वेत कुठल्याही रस्त्यावर कुणीही कुणालाही तसं म्हणतं, त्यात काही नसतं. पण प्रत्येक वेळी ती हाक ऐकली की शाद्रेक वाकून बुटाची नाडी पुन्हा बांधायचा.

त्या मोसमात त्यानं मुतारेत पाच बळी घेतले, बुलावायोत चार. पेपरात फोटो आला आणि खाली छापलं होतं, 'मिडलँड्सचा सव्वीस वर्षांचा शोध'. त्याची बायको नेत्साई अंगणात भाजीची पानं चिरत बसली होती. तिनं तो पेपर मांडीवर घेऊन सावकाश वाचला.

"रोपाचे बाबा," लेकराच्या नावानं हाक मारत ती म्हणाली, "म्हणजे आपलं लग्न झालं तेव्हा तुम्ही अठरा वर्षांचे होतात. आणि मी वीस. माझ्या काकांना कळलं तर म्हणतील, पोरीनं पोरगा फसवून आणला."

तो हसला नाही. तिनं पेपराची घडी घातली आणि ती पुन्हा पानं चिरायला लागली. त्या दिवसापासून ती सामन्यांबद्दल काही विचारेनाशी झाली. तिनं एकदा भांडण केलं असतं तर बरं झालं असतं, असं त्याला वाटायचं.

फेब्रुवारीत उपांत्य सामना क्वेक्वेतच होता. शाद्रेक पहिलं षटक टाकायला गेला, टोपी काढून पंचांच्या हातात दिली आणि जागच्या जागी थबकला. पांढरी टोपी, जाड चष्मा, किंचित वाकडी मान. माचाया सर. सातवीत गणित शिकवायचे. पुढं ते शाळा सोडून पंचगिरीत गेले, हे त्यानं कुणाकडून तरी ऐकलं होतं, पण ते हरारेकडचे सामने करायचे.

सरांनी त्याची टोपी कमरेला खोचली. ओळखल्याचं काही दाखवलं नाही.

पहिली तीन षटकं शाद्रेकनं वाईट टाकली. रनअप चुकत होता. मागं वळून चालत जाताना त्याला आपल्या पाठीवर तो चष्मा जाणवत होता. चौथ्या षटकाच्या मध्ये, फलंदाज हातमोजे बदलत असताना, सर समोर बघतच हलक्या आवाजात बोलले.

"पेपरात तुझं वय वाचलं, मुतांदिरो."

शाद्रेकनं चेंडू पँटीला घासला.

"पंच्याण्णव साली तुमची सातवीची परीक्षा मी घेतली," सर म्हणाले. "नऊ वर्षांचा पोरगा सातवीत बसला असता तर माझ्या लक्षात राहिला असता."

"सर—"

"तीन चेंडू राहिलेत. टाक."

सामना शेवटच्या षटकापर्यंत ताणला जाईल असं दुपारी कुणाला वाटलं नव्हतं. पण ताणला गेला. पाहुण्यांना सहा चेंडूंत सात धावा हव्या होत्या, दोन गडी शिल्लक होते, आणि कर्णधारानं चेंडू शाद्रेककडे फेकला. म्हणजे पुन्हा सरांचं टोक. शाद्रेकनं टोपी दिली. सरांनी ती घेतली, तोच हात, तोच चेहरा. कुंपणाशी लोक उभे राहिले होते. कुणीतरी बिअरच्या रिकाम्या क्रेटवर काठीनं ताल धरला होता, तोही थांबला.

पहिल्या चेंडूवर एक धाव. दुसऱ्यावर काही नाही. तिसऱ्यावर बॅटीची कड लागून चेंडू यष्टिरक्षकाच्या डावीकडून गेला, दोन धावा. चार हव्यात, तीन चेंडू. शाद्रेक मागं चालत गेला तेव्हा त्याच्या डोक्यात क्रिकेट नव्हतंच. एक वेडा विचार होता, की हा सामना हरलो तर पुढं निवड होणार नाही, पासपोर्ट लागणार नाही, कुणी काही विचारणार नाही. एक ढिला चेंडू टाकला की काम झालं. त्याला स्वतःचीच भीती वाटली.

चौथा चेंडू त्यानं असा टाकला की तो फलंदाजाच्या बुटावर आदळला. सगळा संघ ओरडला. शाद्रेक ओरडला नाही, नुसता वळून सरांकडे बघत राहिला. सरांनी बराच वेळ घेतला आणि बोट वर केलं. पाचवा चेंडू नव्या फलंदाजानं अडवला. सहाव्यावर चार हव्या होत्या; त्यानं डोळे मिटल्यासारखी बॅट फिरवली आणि मधली यष्टी मागं लोळत गेली.

पोरं अंगावर येऊन पडली. त्यात ताफाराही होता, हातातली बाटली सांडत. त्या ढिगाऱ्यातून बाहेर आल्यावर शाद्रेकनं टोपी घ्यायला हात पुढं केला.

"सर, तुम्ही सांगणार आहात का?"

"मी पंच आहे," माचाया सर म्हणाले. "मैदानात जे होतं तेवढं मी सांगतो. हे मैदानातलं नाही. ते तुझं तू बघ."

तिसऱ्या दिवशी पत्र आलं. देशाच्या 'अ' संघाच्या दौऱ्यासाठी मिडलँड्समधून एक वेगवान गोलंदाज, शाद्रेक मुतांदिरो. पासपोर्ट शुक्रवारपर्यंत. त्याचा पासपोर्ट पेटीत होताच, कारखान्यातून एकदा झांबियाला जायचं ठरलं तेव्हा काढलेला, आणि त्यात १९८२ अगदी स्वच्छ छापलेलं होतं.

गुरुवारी सकाळी तो पासपोर्ट खिशात घालून हुंग्वेंच्या घरी गेला. कोच व्हरांड्यात चहा पीत होते. त्यांनी पासपोर्ट उघडला, ते पान बघितलं, मिटला आणि टेबलावरून हळूच त्याच्याकडे परत सरकवला. मग त्याला त्याच्या कुळाच्या नावानं हाक मारली. आपल्या माणसाला समजवायचं असलं की तिथं तशी मारतात.

"सोको, हे मी बघितलं नाही. पासपोर्ट हरवला म्हण. नवीन काढताना हवं ते वर्ष घालून देणारा माणूस आहे माझ्या ओळखीचा. आठ दिवसांची मुदत मी मागून घेतो."

"आणि मग?"

"मग काय. तू खेळशील. तुझ्याइतका जोर या देशात आज कुणाच्या खांद्यात आहे? त्या पोराच्या?"

तो पोरगा म्हणजे ताफारा. नाव न घेता हुंग्वेंनी त्याला बाजूला काढलं, ते शाद्रेकला लागलं. एक वर्ष आपणही तेच करत होतो. तो म्हणाला की शुक्रवारी मी स्वतः बोर्डाच्या कचेरीत जाऊन सांगणार आहे, तुम्हाला आधी कळावं म्हणून आलो. हुंग्वेंचा आवाज चढला. संघाची नाचक्की होईल, माझी होईल, आणि मुख्य म्हणजे तू मूर्ख आहेस, असं बरंच बोलले. शाद्रेकनं ऐकून घेतलं. मग पासपोर्ट पुन्हा खिशात घालून तो उठला.

हुंग्वेंकडून निघाला तो ताफाराकडे. ताफारा आईच्या घरी, पायरीवर बसून बुटांना खिळे बसवत होता. शाद्रेक उभ्यानंच बोलला. वय तीस आहे. फॉर्मवर खोटं लिहिलं. या मोसमातली जागा तुझी होती. उद्या सांगतोय.

ताफारा खिळा फिरवत राहिला. शेवटचा घट्ट बसल्यावर त्यानं मान वर केली.

"मनगट दाखवायचास मला रोज," तो म्हणाला. "तेव्हा काय वाटायचं तुला? बिचारा?"

ताफारानं बूट उचलले आणि आत जाऊन दार लावलं.

बोर्डानं त्याच्यावर एक वर्षाची बंदी घातली. पेपरात पुन्हा फोटो आला, तोच जुना. दौऱ्यावर ताफारा गेला. म्बिझो वस्तीत, शाद्रेकच्या वेल्डिंगच्या छपरासमोरून जाताना लोक त्याला विचारायचे, आज किती वर्षांचा आहेस रे. तो काळी काच डोळ्यांवर ओढायचा आणि ठिणग्या उडवत राहायचा. नेत्साई मात्र पुन्हा बोलायला लागली. मक्याच्या पिठाच्या साद्झाचं ताट पुढं ठेवताना एकदा म्हणाली, "गोलंदाजी सोडू नका. घरात बसून तुम्ही फार चिडचिड करता." मग तो पहाटे क्लबाच्या मागच्या नेटमध्ये एकटाच चेंडू टाकायला लागला. एकतिसाव्या वर्षी गुडघा उजाडल्याशिवाय वळायला तयार नसे. तो आधी अर्धा तास नुसता चालायचा.

बंदी संपली तरी कुणी बोलावलं नाही. आणखी अर्धं वर्ष गेलं. त्या ऑक्टोबरात प्रांताचे दोन वेगवान गोलंदाज एकाच आठवड्यात जायबंदी झाले आणि नव्या कर्णधारानं, हुंग्वेंना न विचारता, त्याला नेट्सवर बोलावलं. तिथं वयाचा कागद नव्हता. शाद्रेक आला, त्यानं चेंडू टाकले, आणि तो संघात राहिला. दुसऱ्या टोकाला ताफारा. दोघांनी मिळून दीड मोसम एका संघासाठी चेंडू टाकला, आणि त्या सगळ्या काळात ताफारा त्याच्याशी कामापुरतं बोलला : वारा कुठून आहे, चेंडू फुगलाय, तू वरच्या टोकानं टाक. दादा म्हणणं बंद झालं होतं.

दोन हजार सोळाच्या जूनमध्ये, चौतिसाव्या वर्षी, शाद्रेक मुतांदिरो हरारेत देशाकडून पहिला एकदिवसीय सामना खेळला. ताफाराचा तो नववा होता. पहिल्या पाच षटकांत शाद्रेकला बेचाळीस धावा पडल्या. पाहुण्यांचा सलामीचा फलंदाज त्याला मिडविकेटवरून असा भिरकावत होता की चेंडू शोधायला वेळ लागायचा. प्रेक्षकांत कुणीतरी ओरडलं, आजोबांना घरी सोडा. शाद्रेकचा गुडघा तोवर सुजून पँटीत घट्ट झाला होता, आणि कर्णधार त्याला काढायचं की ठेवायचं या विचारात सीमारेषेकडे बघत होता. शाद्रेकला माहीत होतं, आता काढलं तर हा पहिला आणि शेवटचा.

मिड-ऑफवरून ताफारा चालत आला. त्यानं चेंडू हातात दिला, सोडला मात्र नाही.

"तो पुढं यायला घाबरतोय," तो म्हणाला. "आखूड टाकून तूच त्याला खेळवतोयस. बुटावर टाक. क्वेक्वेत टाकला होतास तसा."

"गुडघा राहिला नाहीये."

"मग एकच टाक."

त्यानं टाकला. फलंदाजाचा पाय मागंच राहिला, चेंडू बॅटीखालून गेला आणि ऑफची यष्टी मोडली, नुसती पडली नाही, मोडली. शाद्रेक धावला नाही, धावणं जमलंच नसतं. तो खेळपट्टीवर हात गुडघ्यावर ठेवून वाकून उभा राहिला आणि पोरंच त्याच्याकडे आली. ताफारा सगळ्यांत शेवटी आला. त्यानं फक्त खांद्यावर हात ठेवला आणि आपल्या जागेवर परत गेला.

शाद्रेक देशाकडून चार सामने खेळला. सहा बळी. पाचव्या सामन्याच्या आदल्या दिवशी नेट्समध्ये गुडघ्यातून कागद फाटल्यासारखा आवाज आला आणि डॉक्टरांनी तिथल्या तिथं सांगितलं, की चालायचं असेल तर आता पुरे. संघ हॉटेलवर गेला. त्याला तिथं बसून राहवेना. गुडघ्यावर बर्फाची पिशवी बांधून तो क्वेक्वेच्या बसमध्ये चढला, पुढच्या सीटवर बसला आणि पाय वाटेत लांब सोडला. कंडक्टर गर्दीतून वाट काढत आला आणि पाय आत घ्यायला सांगितला.

"वळत नाही," शाद्रेक म्हणाला.

"वय काय तुमचं, एवढं दुखायला?"

"चौतीस."

कंडक्टरनं त्याच्याकडे, बर्फाकडे, संघाच्या बॅगेकडे बघितलं. मग मागच्या लोकांना सांगितलं, की या पायावरून ओलांडून जा, कुणी ढकलू नका. गाडी सुटली तेव्हा बर्फाचं पाणी शाद्रेकच्या बुटात उतरायला लागलं होतं. त्यानं नेत्साईला फोन लावला आणि सांगितलं, की जेवायला येतो, थांब.