चिमणीची निळी खूण

आमच्या शेजारचा संतोष एकलहऱ्याच्या वीज केंद्रात फिटर आहे. चारचौघांत तोंड न उघडणारा माणूस, पण मोबाईलवर, लोक चार गमती लिहितात तिथे, त्याने केंद्राच्या धूर सोडणाऱ्या उंच चिमणीच्या नावाने खाते काढले होते. चिमणी लिहायची, "आज खोकला आहे, धूर उद्या सोडीन." कधी म्हणायची, "थंडी वाजते. माझ्या मापाचा मफलर कोण विणून देईल?" पुढे पैसे भरून त्याने नावापुढे, खाते खरे असल्याची म्हणून देतात ती निळी खूण घेतली. "अण्णा, आता चिमणी अधिकृत झाली," असे म्हणाला आणि आम्ही दोघे खूप हसलो.

आषाढात चिमणीने लिहिले, "सोमवारपासून मी आठवडाभर माहेरी. कामावर कोणी येऊ नये."

इथे वीज बनवणारा संच बंद असला की कोळशावरच्या कंत्राटी मजुरांना तसा निरोप मोबाईलवरच येतो. सुरगाण्याचा बारकू त्यांतलाच एक. चिमणीचे लिहिणे फिरत फिरत त्याच्यापर्यंत पोचले. निळी खूण पाहून तो भात लावायला गावी निघून गेला. परतला तेव्हा ठेकेदाराने त्याच्या जागी दुसरा माणूस घेतला होता.

संतोषला हे गेटजवळच्या टपरीवर कळले. बाकीचे बारकूला चिडवत होते.

"काय रे बारकू, चिमणी आली का माहेरून?"

"हसा लेको! साहेब लोकं कायबी लिवतात. पन खूण व्हती ना! खोट्याला कोन देतं खूण?"

संतोष चहा तसाच ठेवून आला आणि माझ्या ओट्यावर बसून राहिला.

"अण्णा, खरं सांगितलं तर माझी चौकशी लागेल."

"थोडं थांब. निवळेल," मी म्हणालो. शेजारधर्म म्हणून मला एवढेच सुचले, याची आजही लाज वाटते.

त्याने माझे ऐकले नाही. दुसऱ्या दिवशी बारकूला घेऊन तो ठेकेदारापुढे उभा राहिला. "ती चिमणी मीच आहे." ठेकेदार आधी हसला, मग म्हणाला, "हे मोठ्या साहेबांसमोर बोलशील?" संतोष तिथेही बोलला. बारकूला काम परत मिळाले. संतोषची चौकशी चालू आहे.

बाहेर आल्यावर त्याने बारकूची माफी मागितली. बारकूला ती कशाची, हे नीट कळलेच नाही. जवळ सरकून तो हळूच म्हणाला, "म्हंजे ते लिवनारा तूच? मंग भाऊ, दिवाळीला सुट्टी किती, ते आधी मला सांग."

"काय सांगू त्याला, अण्णा?" संध्याकाळी ओट्यावर हे सगळे सांगून संतोषने मला विचारले.