रिकाम्या पेटीतली शिंक

लंडनमध्ये एजवेअरला आमच्या घराला लागून नव्वदीच्या एक इंग्रज बाई राहतात. एका शनिवारी सकाळी त्यांनी मला बोलावून घेतलं. हातात दोन तिकिटं होती, नातीने वाढदिवसाला दिलेली. दुपारी लायब्ररीत टीव्हीच्या सुरुवातीच्या काळातले, गाणी-नकला-जादूचे व्हरायटी शो दाखवणार होते.

"तिला सांग, माझे गुडघे दुखतायत," त्या म्हणाल्या.

गुडघे ठणठणीत होते. मी चहा ठेवला, तेव्हा कुठे खरं बाहेर आलं. एकोणिसाव्या वर्षी त्या एका जादूगाराच्या असिस्टंट होत्या. टीव्हीवर तो पेटी उघडून रिकामी असल्याचं दाखवायचा आणि या आत, आरशामागे, अंग चोरून बसायच्या. सगळं लाइव्ह, चुकलं तर चुकलं. त्या दिवशी तो म्हणाला, "बघा, आत कुणी नाही," आणि नेमकी यांना शिंक आली. चेहऱ्यावरची पावडर नाकात गेली होती. शिंक देशभर ऐकू गेली. त्याला टीव्हीवर पुन्हा बोलावणं आलं नाही. यांनी स्टेज सोडलं आणि जन्मभर एका ऑफिसात टायपिंग केलं. नवऱ्यालाही कधी सांगितलं नाही.

"आता नातीच्या शेजारी बसून ते बघू?"

मी तिथूनच लायब्ररीला फोन लावला, स्पीकरवर. शोचं नाव ऐकून पलीकडचा माणूस ओशाळला.

"सॉरी, तो नाहीये. तेव्हा बरेचसे शो रेकॉर्डच करत नसत. त्याचा तर एकही भाग उरलेला नाही. तुमची निराशा झाली असेल."

बाई डोळे मिटून खुर्चीत मागे टेकल्या. "मला वाटायचं, कुठल्यातरी डब्यात ते पडलेलं असणार," त्या म्हणाल्या. "कधीतरी कुणीतरी झाकण उघडणार." त्यांचा चेहरा बघून माझ्याच जीवात जीव आला.

दुपारी मी दोघींना गाडीने नेलं आणि मागे एक तिकीट काढून बसले. मध्यंतरात बाईंनी आपण होऊनच नातीला सगळं सांगून टाकलं. नात इतकी हसली की पुढचे लोक वळून बघायला लागले. मग तिने विचारलं, "जादूगार खूप चिडला का गं?"

बाईंनी मान हलवली. "नाही. त्याने मला रुमाल दिला."

परतताना त्यांना सडकून भूक लागली. आम्ही गरम चिप्स घ्यायला थांबलो.