कुलपाच्या बाहेरची बाई

फोन हातात घेतला की तिचा अंगठा सरळ दाराच्या चित्रावर जायचा. खेळातल्या घरावर आग येवो की पूर, ती पहिलं चित्र दाराचंच टाकायची आणि म्हणायची, "आधी दार. मग बाकी बठ्ठं."

आम्ही तिला अक्का म्हणायचो. जळगावच्या एमआयडीसीत चटयांच्या एका कारखान्यात आम्ही बरोबर कामाला होतो. यंत्रावर विणलेली प्लास्टिकची चटई आमच्या गाळ्यात यायची. आम्ही बायका तिच्या कडा शिवायचो, घड्या घालायचो, गठ्ठे बांधायचो. अक्का मूळची धुळ्याकडची, पन्नाशी उलटलेली. नवरा वारलेला, एकुलती मुलगी पिंपळनेरला दिलेली. अशी एखादी बाई तुमच्याही कामावर असेल. दुसरीच्या डब्यात बोट बुडवून मीठ कमी आहे म्हणून सांगते, आणि तिच्याशी कितीही वाजलं तरी जेवायला तिच्याच शेजारी बसावंसं वाटतं.

खेळ तिच्या मुलीनं पाठवला होता. अक्काच्या फोनात नवीन काही मावत नसे, नातवाच्या व्हिडिओंनी तो काठोकाठ भरलेला. हा खेळ मात्र फोनात घ्यावा लागत नव्हता, लिंक दाबली की ब्राउझरमध्येच उघडायचा. सूचना इंग्रजीत होत्या. त्या अक्कानं कधी वाचल्या नाहीत, मी वाचून दाखवायला गेले तर हात धरला. "चित्रं शेत ना? मग वाचायचं काय त्यात?"

खेळ असा होता. पडद्यावर एक घर. घरात माणसं, आपापल्या कामात. वर सूर्य सरकत जातो आणि तो बुडायच्या आत घरावर काहीतरी येतं. काय येणार ते कोपऱ्यात आधीच दिसतं, पण घरातल्यांना दिसत नाही. ती ऐन वेळेपर्यंत जागची हलत नाहीत. खाली एक चौकट असते. तिच्यात इमोजी टाकायचे, पाचच. टाकलेली वस्तू घरात जाऊन पडते आणि आपल्या स्वभावाप्रमाणे वागते. बकरी दिसेल ते खाते, वाघ बकरी खातो, बकरी संपली की माणसं. एकदा टाकलेलं परत घेता येत नाही. सगळी जिवंत बाहेर पडली की पुढचं घर.

जेवणाच्या सुट्टीत गठ्ठ्यांना टेकून आम्ही अक्काभोवती बसायचो. कळण्याची भाकरी, ठेचा, आणि मध्ये तो तडा गेलेला फोन. कोपऱ्यात साप दिसला त्या दिवशी तिनं अर्धी सुट्टी मुंगूस शोधण्यात घालवली.

"मुंगूस नाही व यात," ती म्हणाली. "ज्यानं बनवलं त्याच्या घरात कधी साप निघाला नसेल."

"मोर टाक," शोभा म्हणाली. शोभा माझ्या मशीनला लागून बसायची. तिची जीभ आमच्या कात्र्यांपेक्षा धारदार.

मोर टाकला. मोरानं साप खाल्ला. अक्कानं शोभाकडे असं पाहिलं, जणू तिनं परवानगी न घेता सापाला मारलं.

चोराच्या घराला मी पोलीस सुचवला. अक्का म्हणाली, "नको. चोर पळून जाईल आणि तो आपल्यालाच विचारत बसेल." तिनं एक म्हातारी टाकली. म्हातारी चोरासमोर नुसती उभी राहिली. चोर मागं फिरला. हे कसं झालं ते मला आजही सांगता येणार नाही. अक्काला त्यात नवल वाटलं नाही.

आता आमचा गाळा सांगते. त्याला दोन तोंडं होती. पुढच्या दारात प्लास्टिकच्या दाण्यांची पोती रचलेली, बाजूला मोटर, मधून एका वेळी एक बाई जाईल एवढी वाट. मागं शटर. त्याला बाहेरून कुलूप. तिथून कधीतरी चटया चोरीला गेल्या म्हणे, तेव्हापासून. किल्ली पुढे मॅनेजरच्या केबिनमध्ये. पलीकडच्या गल्लीत एक जळालेला कारखाना उभा होता. त्याची काळी भिंत आमच्या रस्त्यावरून दिसायची, आणि येता-जाता सगळ्या बायका नेमक्या त्याच जागी पदर सारखा करायच्या, म्हणजे मान दुसरीकडे वळायची.

मी पत्रकांच्या घरात वाढले. माझे वडील विहाराबाहेर उभं राहून पत्रकं वाटायचे, आणि मला अक्षरओळख त्या पत्रकांवरून झाली. त्यामुळे कायदा काय सांगतो हे मला ठाऊक होतं: माणसं आत कामावर असताना सुटकेचं दार कुलूपबंद ठेवता येत नाही. पण आमच्याकडे कायदा पुढच्या दारानं यायचा, केबिनमध्ये चहा घ्यायचा आणि पुढच्याच दारानं जायचा. तो येणार त्या दिवशी मागचं कुलूप निघालेलं असायचं. तो गेला की परत लागायचं.

खेळातल्या शेवटच्या घरापाशी अक्का अडकली.

कोपऱ्यात आग होती. अक्कानं सवयीप्रमाणे दार टाकलं. सूर्य डोक्यावरून थोडा कलला आणि दाराला आपोआप कुलूप लागलं. बाहेरून. तिनं किल्ली टाकली. किल्ली घरात पडली. माणसं तिच्याकडे बघत राहिली, आग आली, घर काळं झालं. दुसऱ्या दिवशी पाणी टाकलं, पुरलं नाही. कुऱ्हाड टाकली, माणसं आतून दारावर घाव घालत राहिली आणि दार तुटण्याच्या आत पडदा काळा झाला. तिसऱ्या दिवशी पुन्हा किल्ली.

"अक्का, किल्ली आत पडते गं," शोभा म्हणाली. "कुलूप बाहेर आहे. आपल्यासारखंच."

शोभा हे चेष्टेत बोलली होती. पण आमच्या पाठीमागे शटर होतं, आणि मला आठवतं, त्या दिवशी एकीनं बसल्या जागेवरून मान वळवून त्याच्याकडे पाहिलं, मग दुसरीनं. भाकरीचा घास हातात तसाच.

अक्का उठली आणि मॅनेजरच्या केबिनमध्ये गेली. मीही मागोमाग गेले.

"साहेब, मागचं कुलूप काढा. नाहीतर शटर आतून लावू द्या, आम्ही लावू."

मॅनेजर वाईट माणूस नव्हता. अक्काच्या मुलीच्या लग्नात त्यानं तिला हक्काची नसलेली सुट्टी दिली होती. तो म्हणाला, "अक्का, चोरी झाली तर शेठ माझी मान धरतात. आणि हे तुमच्या डोक्यात आलं कुठून?"

अक्कानं खरं सांगितलं. फोन पुढे करून खेळच दाखवला. दार, कुलूप, आत पडलेली किल्ली. मॅनेजरनं लक्ष देऊन पाहिलं, आणि दुसऱ्या दिवसापासून सगळ्यांचे फोन गेटवर जमा व्हायला लागले.

ही चूक फक्त अक्काच करू शकत होती. तिला वाटलं, ज्याला चित्र दिसलं त्याला गोष्ट कळली.

मग मी पत्रक लिहिलं. गुलाबी कागद, दोन्ही बाजू भरून. गेटवर वाटायच्या आधी अक्काला दिलं. तिनं उन्हात उभं राहून शेवटपर्यंत वाचलं.

"चांगलं शे," ती म्हणाली. "पण कुलूप मागच्या पानावर गेलंय. तिथवर कोण वाचील, पोरी?"

पत्रक वाटलं आणि माझं काम सुटलं. कुलूप सुटलं नाही.

त्यानंतर काही दिवसांनी अक्का सुट्टी व्हायच्या वेळेला गेटबाहेर मला भेटली. शोभा बरोबर होती. अक्का म्हणाली, "सुटलं ते घर. काल सुटलं."

"कसं?" शोभानं विचारलं.

"आधी दार. मग हातोडा. मग लगेच म्हातारी. घरातले हलत नाहीत, पण म्हातारी रिकामीच असते, हातोडा उचलते आणि दारातून बाहेर जाते. मग कुलूप लागतं. आग आली की ती बाहेरून तोडते." "तीनच चित्रं लागली. दोन उरली."

"मग संपला खेळ," शोभा म्हणाली. "आता फोन परत आत न्यायला मिळाले तरी जेवताना काय दाखवशील?"

दुसऱ्या दिवशी ती कामावर गेली नाही.

आठवडा गेला आणि कारखान्याच्या मागच्या गल्लीत, शटरसमोरच्या बाभळीखाली, चहाची एक टपरी उभी राहिली. टपरी म्हणजे चार बांबू, वर फाटकी चटई आणि स्टोव्ह. त्या गल्लीत गिऱ्हाईक नाही, कुत्रीसुद्धा दुपारी दुसरीकडे जातात. अक्का पहिल्या पाळीच्या आधी येऊन बसायची आणि पाळी सुटल्यावर उठायची. स्टुलाखाली घण. कोणी विचारलं तर म्हणायची, "कोळसा फोडायला." स्टोव्ह रॉकेलचा होता.

मी तिच्याशी भांडले. म्हटलं, "अक्का, ही लढाई अशी नसते लढायची. सगळ्या बायकांनी मिळून काम बंद पाडायला हवं."

"पाडा ना," ती म्हणाली. "तोवर मी बसते."

त्या चैत्रात एका दुपारी मोटर तापली. वायरीवर नुसती चिकटपट्टी गुंडाळलेली होती, हे सगळ्यांना माहीत होतं. आग लागली नाही, पण धूर आला. प्लास्टिकचा धूर ज्यानं एकदा छातीत घेतलाय त्याला माझं सांगणं नको. पुढची वाट मोटरीजवळूनच जात होती, म्हणून बायका मागं पळाल्या. मी त्या दिवशी टपरीवर बसले होते. आधी शटर थरथरलं, मग आतून हात आपटू लागले, आणि मग आवाज, पण शब्द नाहीत. मी उठेपर्यंत अक्कानं घण उचललेला होता. कुलूप पहिल्या घावाला हललं नाही. प्रत्येक घावाला तिचा श्वास तेवढा ऐकू यायचा. कुलूप तुटलं, आम्ही दोघींनी शटर वर ढकललं आणि बायका उन्हात येऊन पडल्या. शोभा शेवटी आली. ती खोकत होती आणि अक्काचा पदर सोडत नव्हती.

मॅनेजर पुढून वळसा घालून धावत आला. धूर विरला होता. त्यानं सगळ्यांकडे पाहिलं, मग जमिनीकडे पाहिलं आणि विचारलं, "कुलूप कोणी तोडलं?"

शोभानं अक्काचा पदर आणखी घट्ट धरला.

दुसऱ्या दिवशी शटरला नवं कुलूप आलं. आधीच्या दुप्पट, कडी जाड. अक्कानं ते लांबून पाहिलं आणि जुन्या बाजारातून मोठा घण घेऊन आली. पोरगी नवी बांगडी दाखवते तसा तिनं मला तो दाखवला.

मग दोन माणसं मोटरसायकलवरून आली. भर सकाळी. त्यांनी चहा मागितला, शांतपणे प्यायला आणि विचारलं, "मावशी, इथं गिऱ्हाईक तर दिसत नाही. कशाला बसता?" अक्का म्हणाली, "सावली शे." त्यातला एक उठला आणि त्यानं टपरीचा बांबू ओढला. अक्का स्टोव्ह वाचवायला गेली आणि मनगटावर पडली. हे मला तिनं सांगितलं नाही. पलीकडच्या डाळमिलच्या वॉचमननं पाहिलं, त्यानं सांगितलं. हेही तो म्हणाला की पोलिसांपुढे आपण काही पाहिलेलं नाही.

मुलगी पिंपळनेरहून आली आणि अक्काला घेऊन गेली. मनगट नीट जुळलं नाही. आता तिला घण काय, तवासुद्धा उचलता येत नाही. गाडीत बसताना तिनं मला काही सांगितलं नाही, शोभाला सांगितलं, आणि शोभानं बाकीच्यांना. तेव्हापासून ज्या बाईची सुट्टी, ती बाभळीखाली घण घेऊन बसते. माझं काम सुटलेलं, म्हणून माझी पाळी जास्त वेळा येते.

पहिले काही महिने पाळी सुरू झाली की अक्काचा फोन यायचा. नमस्कार नाही, चौकशी नाही. "कोनी बसनं का तठे?" मी म्हणायचे, बसलेय. ती फोन ठेवायची. मग फोन यायचे थांबले. मुलगी म्हणाली, ती आता फारसं बोलत नाही, ओट्यावर बसून असते, घरात कोणी दार लावायला गेलं की तेवढी अस्वस्थ होते.

हे मी तिच्या स्टुलावर बसून लिहिते आहे. मागच्या महिन्यात आणखी एक मोटर आली, त्याच वायरीवर जोडली. आत यंत्रांचा आवाज आहे, म्हणजे आत सगळ्या आहेत. जळगावचं ऊन तुम्हाला ठाऊक आहे. दुपार झाली की शटरचा पत्रा आपोआप तापतो, आणि ही धग बाहेरची की आतली हे नुसतं बघून सांगता येत नाही. म्हणून थोड्या थोड्या वेळानं उठावं लागतं आणि पत्र्यावर तळहात ठेवून बघावं लागतं. आत्ताच बघून आले. काल या वेळी एवढा नव्हता तापला.