चष्मा काढणारी नायिका

माझी थोरली बहीण चष्म्याचं दुकान चालवते, आणि एका सिनेमाचा तिला मनस्वी तिटकारा आहे. कॉलेजातल्या प्रेमाचा तो जुना, गोडगोड सिनेमा. त्यातल्या चष्मेवाल्या नायिकेकडे दोन तास कुणी ढुंकूनही बघत नाही. मग स्नेहसंमेलनाच्या दिवशी ती चष्मा काढून जिना उतरते आणि अख्खं कॉलेज आ वासून बघत राहतं. चष्म्याशिवाय बाईला पायऱ्या कशा दिसल्या, हा प्रश्न इतक्या वर्षांत फक्त ताईला पडला.

तो सिनेमा पुन्हा कुठे लागला, की दुकानात डोळे बारीक केलेल्या पोरी येतात. "काकू, चष्मा नको, लेन्स द्या ना." ताई पोरीला अक्षरांच्या तक्त्यासमोर बसवते, चष्मा काढायला लावते.

"सगळ्यात वरचं अक्षर सांग."

पोरगी डोळे आणखी बारीक करते.

"मग नवरा कसा ओळखशील?"

मी बाजूला फ्रेमा पुसत हसू दाबते, कारण यामागची गोष्ट मला एकटीलाच ठाऊक आहे. ताईनेही विसाव्या वर्षी हा सिनेमा चार वेळा पाहिला, संमेलनाला जाताना चष्मा घरी ठेवला आणि उणे सहा नंबरचे डोळे घेऊन टेबलटेनिसच्या कप्तानाला चिठ्ठी द्यायला निघाली. पांढरा शर्ट दिसला, चिठ्ठी दिली. शर्टात भलताच निघाला. त्याने दुसऱ्याच दिवशी होकार कळवला आणि नाही म्हणायचा ताईला धीर झाला नाही. तेच आमचे भावजी.

चिठ्ठीत कुरळ्या केसांचं भरभरून कौतुक होतं. भावजींचे केस तेव्हाही सरळसोट होते, आता तर तेही राहिले नाहीत. "स्वतःचं कौतुक वाचताना पुरुष खातरजमा करत नाहीत," असं ताई म्हणते खरी, पण अठ्ठावीस वर्षं ही गोष्ट तिला आतून खाते आहे. "एवढ्या गर्दीतून ही सरळ माझ्याकडेच आली," असं भावजी चारचौघांत छाती फुगवून सांगायला लागले, की ती उठून पाणी आणायला जाते.

गेल्या महिन्यात सिनेमा परत लागला. भावजींनी दुपारच्या खेळाची तीन तिकिटं आणली. "आपला सिनेमा," म्हणे. ताई मला म्हणाली, "आज सांगून टाकते. मग घरात काय व्हायचं ते होवो."

जिन्याचा प्रसंग आला, शिट्ट्या सुरू झाल्या. ताई भावजींकडे वळली.

"अहो, ती चिठ्ठी तुमच्यासाठी नव्हती."

"माहीत आहे," भावजी पडद्यावरची नजर न काढता म्हणाले. "कुरळे केस वाचले तेव्हाच कळलं."

"मग परत का नाही दिलीत?"

"परत दिली असती, तर तू घरी जाऊन चष्मा लावून आली असतीस."

मला असा संताप आला, की हातातला पॉपकॉर्नचा पुडा त्या टकलावर उपडा करावा. अठ्ठावीस वर्षं ही बिचारी मनातल्या मनात अपराधी, आणि लबाडी या माणसाची. ताईने चष्मा काढला, रुमालाने पुसला, परत लावला आणि भावजींकडे बघत राहिली. नायिका अजून जिना उतरतच होती.

"यापुढे चारचौघांत खरं काय ते सांगायचं," ताई म्हणाली. "आणि पाणी तुम्ही आणायचं."